इंग्रजी नामप्रत्ययांचं स्पेलिंग आणि उच्चार

इंग्रजीत क्रियापदाला किंवा विशेषणाला मागे काहीतरी जोडून नाम बनवतात, एज्युकेटचं एज्युकेशन, हॅपीचं हॅपिनेस, टीचचा टीचर, हे जे मागे जोडतात तो नामप्रत्यय. प्रत्ययांची यादी कुणीही पाठ करेल, पण प्रत्यय लागल्यावर मूळ शब्दाचं काय होतं ते शाळेत फारसं कुणी सांगत नाही आणि खरी गोम तिथेच आहे. उच्चाराला जो इंग्रजी शब्द आहे तोच बघा ना. क्रियापद प्रोनाउन्स, पण नाम प्रनन्सिएशन, मधला ओ गळतो आणि 'आउ'चा साधा 'अ' होतो, आणि आपल्याकडे कितीतरी जण प्रोनाउन्सिएशन म्हणतात. मेन्टेन-मेन्टनन्स, एक्स्प्लेन-एक्स्प्लनेशन यांचंही तेच.

असं का होतं हे कळायला प्रत्ययांची दोन घराणी माहीत हवीत. नेस, हुड, शिप, डम हे इंग्रजीचे घरचे प्रत्यय, त्यातले हुड आणि डम तर जुन्या इंग्रजीत स्वतंत्र शब्द होते, हुड म्हणजे अवस्था आणि डम म्हणजे निवाडा. शन, इटी, अन्स वगैरे मंडळी मूळची लॅटिन, १०६६ मध्ये नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकल्यावर पुढच्या काही शतकांत बहुतेक फ्रेंचमधून आली. घरचे प्रत्यय सहसा मूळ शब्दाला धक्का लावत नाहीत, बाहेरून आलेले बरेचसे शब्दाला आतून हलवतात. मराठी माणसाला हे परकं वाटायचं कारण नाही, मोठाचं मोठेपणा करताना आपण शब्द फारसा हलवत नाही, पण संस्कृतातून आलेला य लागला की शूरचं शौर्य, मधुरचं माधुर्य, आतला स्वरच बदलतो.

इटी आणि शन हे शब्दावरचा जोर ओढून आपल्या अगदी आधीच्या अक्षरावर, म्हणजे उच्चाराच्या तुकड्यावर, आणतात. अ‍ॅक्टिव्हमध्ये जोर 'अ‍ॅक'वर, अ‍ॅक्टिव्हिटीत तो 'टि'वर. एज्युकेटमध्ये पहिल्या अक्षरावर, एज्युकेशनमध्ये 'के'वर. इटीने तर स्वरही बदलतो, सेन-सॅनिटी, डिव्हाइन-डिव्हिनिटी. मध्ययुगीन इंग्रजीत अशा लांब शब्दांत दीर्घ स्वर ऱ्हस्व झाला होता, नंतर साधारण १४०० ते १७०० या काळात इंग्रजीचे फक्त दीर्घ स्वर सरकले, त्यामुळे जोडीतला एक शब्द दूर गेला आणि दुसरा जागीच राहिला, स्पेलिंग मात्र दोघांचं जवळपास सारखंच. माझ्या मते इंग्रजी शिकताना स्पेलिंगच्या आधी हा जोर कानाला शिकवला पाहिजे, अर्ध्या चुका तिथेच संपतात.

टी-आय-ओ-एनचा उच्चार 'शन' का, हा तर प्रत्येक मुलाला पडलेला प्रश्न. चौदाव्या शतकात ती दोन वेगळी अक्षरं होती, साधारण 'सि-ऊन' अशी, शेक्सपिअरच्या ओळींतसुद्धा वृत्तासाठी कधीकधी ती दोन मोजावी लागतात. मग 'स' आणि 'य' एकमेकांत मिसळून 'श' झाला, पण तोवर छापखान्यांमुळे स्पेलिंग बसत आलं होतं. स्टेशन, इलेक्शन हे आपण कानाने उचलले म्हणून बरोबर उचलले. पण टी-आय-ओ-एनच्या आधी एस असेल तर 'श' नाही, 'च' होतो, म्हणजे क्वेस्चन, आणि म्हणूनच आपलं सजेशन हे इंग्रजीत सजेस्चन आहे, डायजेशन हे डायजेस्चन. एस-आय-ओ-एनमध्ये आधी एन, एल किंवा दुसरा एस असेल तर 'शन', टेन्शन, पेन्शन, मिशन, आणि आधी स्वर असेल तर घोष, म्हणजे घशात कंप होणारा, 'झन'सारखा आवाज, डिसिजन, टेलिव्हिजन. त्या आवाजाला मराठीत अक्षरच नाही म्हणून आपण ज लिहितो. इक्वेशन हा अपवाद, टी असूनही तिथे बहुतेक जण हा घोष आवाज काढतात. म्युझिशियन, पॉलिटिशियन अशा माणसांच्या नामांत सी-आय-ए-एन येतं, म्युझिकमधला 'क' तिथे 'श' होतो पण सी हे अक्षर जागेवरच राहतं, त्यामुळे स्पेलिंगला मूळ शब्द आठवला की काम झालं.

ए-जी-ई हा जुना पाहुणा असेल तर 'इज', व्हिलिज, लगिज, मेसिज, आपण सगळीकडे 'एज' करतो कारण स्पेलिंग बघून वाचतो. मसाज हा नंतर आलेला फ्रेंच शब्द, त्यात 'आ' टिकलाय. गॅरेज मध्येच अडकलाय, ब्रिटनमध्ये गॅराज आणि गॅरिज दोन्ही ऐकू येतात.

ई-आर, ओ-आर, ए-आर हे टीचर, अ‍ॅक्टर, बेगर यांत ऐकायला अगदी एकच, त्यामुळे कान काही मदत करत नाही. एवढं लक्षात ठेवायचं की ए-टी-ईने संपणाऱ्या क्रियापदाला सहसा ओ-आर लागतो, क्रिएटर, ऑपरेटर. ए-एन-सी-ई की ई-एन-सी-ई हेही तसंच, लॅटिनमध्ये क्रियापदाच्या गणाप्रमाणे ए किंवा ई ठरायचा, फ्रेंचने बऱ्याच ठिकाणी सरसकट ए करून टाकला आणि इंग्रजीने दोन्हीकडून शब्द घेतले, म्हणून असिस्टन्सला ए आणि एक्झिस्टन्सला ई. इथे थोडा आधार पुन्हा जोराचाच, ऑकरन्समध्ये जोर 'कर'वरच राहतो म्हणून आर दोनदा, रेफरन्समध्ये जोर पुढे सरकून 'रे'वर जातो म्हणून आर एकदाच.

नेस लागताना शेवटच्या वायचा आय होतो, हॅपिनेस, आणि शब्द एनने संपत असेल तर एन दोन होतात, ओपननेस. यात एकच शब्द पार वेगळा झाला, बिझी आणि नेस मिळून बनलेला बिझनेस. अर्थ धंद्याकडे गेला, मधलं अक्षर उच्चारातून गळलं, दोनच अक्षरं उरली, आणि मग नुसतं कामात असणं सांगायला इंग्रजांना बिझीनेस हा शब्द वाय तसाच ठेवून वेगळा लिहावा लागला.