गेम उघडायला फार वेळ लागत असेल तर : ग्राहकांसाठी माहितीपत्रक

गिरगावातील आमच्या दुरुस्ती केंद्रात 'गेम उघडतच नाही, नुसते चक्र फिरत राहते' अशी तक्रार घेऊन येणाऱ्या बऱ्याच ग्राहकांनी ग्राफिक्स कार्ड बदलायचे मनाशी आधीच ठरवलेले असते, आणि काही जण तर लॅमिंग्टन रोडवर चार दुकानांत भाव विचारूनच आमच्याकडे वळलेले असतात. गेम सुरू झाल्यानंतर चित्र अडखळत असेल तर कार्डावर संशय घेणे रास्त आहे. परंतु 'प्ले' हे बटण दाबल्यापासून गेमचा पहिला पडदा दिसेपर्यंत जो वेळ जातो, त्यात कार्डाच्या ताकदीचा वाटा सहसा फार थोडा असतो. त्या अवधीत इतर पाच-सहा कामे एकामागून एक होत असतात आणि त्यांपैकी नेमके कोणते काम रेंगाळते आहे हे कळल्याशिवाय एकही नवा भाग विकत घेऊ नये, अशी आमची सर्व ग्राहकांना विनंती आहे. हे पत्रक स्टीम (संगणकावरील गेम विकत घेण्याचा व उघडण्याचा प्रोग्रॅम) वापरणाऱ्यांना डोळ्यांसमोर ठेवून लिहिले आहे, कारण आमच्याकडे येणाऱ्या बहुतेक यंत्रांवरचे गेम त्यातूनच उघडले जातात. गेम उघडून देणाऱ्या अशा इतर प्रोग्रॅममध्ये, म्हणजे लाँचरमध्ये, बटणांची नावे वेगळी असली तरी कारणे बहुतांशी हीच असतात.

आधी वेळ मोजावा

मोबाइलमधील स्टॉपवॉच लावून 'प्ले' दाबावे आणि स्टीमच्या खिडकीत काय लिहून येते ते टिपत जावे. बटणाच्या आसपास क्लाउड जुळणी (आपली खेळातील प्रगती इंटरनेटवरील प्रतीशी जुळवणे) चालू असल्याचे दिसते का, गेमचे अपडेट खाली उतरते आहे का, मायक्रोसॉफ्टचे काही साहित्य बसवले जात आहे का, की स्टीमचे काम संपून गेमची काळी खिडकी उघडली आहे आणि खरी वाट तिथे पाहावी लागते आहे, हे चार प्रश्न महत्त्वाचे आहेत. हीच चाचणी दोनदा करावी : एकदा यंत्र 'रीस्टार्ट' करून लगेच, आणि दुसऱ्यांदा तोच गेम बंद करून पुन्हा उघडताना. 'शट डाउन' करून पुन्हा चालू करणे आणि 'रीस्टार्ट' करणे या एकच गोष्टी नाहीत, कारण विंडोजमधील 'फास्ट स्टार्टअप' सुरू असल्यास शट डाउन केल्यावरही प्रणालीचा काही भाग डिस्कवर जपून ठेवला जातो आणि जुना गुंता दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा परत येतो.

दुसऱ्या वेळी गेम झटकन उघडला, तर पहिल्या वेळचा विलंब डिस्कवरून फाइली वाचण्यात गेला असण्याची शक्यता मोठी आहे, कारण दुसऱ्या वेळी त्याच फाइली रॅममध्ये तयार असतात. दोन्ही वेळा सारखाच वेळ लागला, तर डिस्कपेक्षा इंटरनेट, अँटिव्हायरस किंवा खुद्द गेम यांच्याकडे आधी पाहावे.

डिस्क

कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप या तीन कळा एकत्र दाबल्यास टास्क मॅनेजर उघडतो. गेम उघडत असताना त्यातील डिस्कचा आकडा शंभर टक्क्यांवर चिकटून बसला असेल आणि प्रोसेसर मात्र निवांत असेल, तर दोषी बहुधा सापडला असे समजावे. मिनिटाला ७,२०० फेरे घेणाऱ्या हार्ड डिस्कची एक फेरी सुमारे ८.३ मिलिसेकंदांत होते. हवा तो मजकूर वाचण्याच्या सुईखाली येण्यासाठी सरासरी अर्धी फेरी थांबावे लागते आणि त्याआधी सुई त्या जागी सरकण्यातही तितकाच किंवा त्याहून अधिक वेळ जातो. विखुरलेल्या लहान फाइली वाचताना अशी डिस्क सेकंदाला शंभरसुद्धा फाइली गाठू शकत नाही, आणि गेम उघडताना नेमक्या अशाच हजारो तुकड्यांची मागणी होते. एसएसडी या चिपांवर माहिती साठवणाऱ्या ड्राइव्हमध्ये फिरणारा भागच नसल्यामुळे हाच शोध साधारण एक दशांश मिलिसेकंदात पुरा होतो. जुन्या लॅपटॉपमध्ये ५,४०० फेऱ्यांची डिस्क असते. तिथे परिस्थिती आणखी बिकट होते.

म्हणून हार्ड डिस्कवरचा गेम एसएसडीवर हलवणे हा आमच्या अनुभवात सर्वांत परिणामकारक उपाय आहे, आणि त्यासाठी गेम पुन्हा डाउनलोड करण्याची गरज नसते. स्टीमच्या लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज', त्यात 'इन्स्टॉल्ड फाइल्स' आणि तेथे 'मूव्ह इन्स्टॉल फोल्डर' निवडले की स्टीम सर्व फाइली दुसऱ्या ड्राइव्हवर नेऊन ठेवते. त्यासाठी 'सेटिंग्ज'मधील 'स्टोरेज' या भागात दुसरा ड्राइव्ह आधी जोडलेला असावा लागतो. फोल्डर हाताने कापून दुसरीकडे चिकटवण्याचा मोह टाळावा.

एसएसडी कोणती घ्यावी, हा पुढचा प्रश्न. साटा या जुन्या प्रकारच्या, केबलच्या जोडणीची एसएसडी सेकंदाला सुमारे ५५० मेगाबाइटपर्यंत वाचते आणि चौथ्या पिढीच्या जोडणीची चांगली एनव्हीएमई (थेट मदरबोर्डवर बसणारी वेगवान एसएसडी) सुमारे ७,००० मेगाबाइटपर्यंत जाते. कागदावर हा बारा-तेरा पटींचा फरक आहे, तरीही बहुतेक गेम उघडताना तो काही सेकंदांपुरताच उरतो, कारण वाचलेल्या फाइली उलगडण्याचे काम प्रोसेसरला करावे लागते आणि तो त्या वेगाने उलगडू शकत नाही. आपल्या मदरबोर्डवर एनव्हीएमईची जागा नसेल, तर केवळ तेवढ्यासाठी मदरबोर्ड बदलण्याचा सल्ला आम्ही देत नाही. साटा एसएसडी पुरेशी आहे. मात्र कोणतीही एसएसडी गच्च भरू देऊ नये. दहा ते वीस टक्के जागा मोकळी नसेल तर तिचा वेग घसरतो, आणि अपडेटच्या वेळी नव्या-जुन्या फाइली शेजारी-शेजारी ठेवायला स्टीमलाही जागा पुरत नाही.

क्लाउड, प्रॉक्सी आणि ऑफलाइनची परीक्षा

इंटरनेटमुळे विलंब होतो की नाही हे ओळखण्याचा सर्वांत सोपा मार्ग असा : स्टीमच्या मेन्यूतून 'गो ऑफलाइन' निवडावे आणि एकट्याने खेळायचा एखादा गेम उघडून पाहावा. ऑनलाइन असताना दीड मिनिट घेणारा गेम ऑफलाइन असताना वीस सेकंदांत उघडला, तर डिस्क निर्दोष आहे. अशा वेळी बहुधा क्लाउड जुळणी अडलेली असते. गेम उघडण्याआधी आपल्या सेव्ह फाइली, म्हणजे खेळातील प्रगती जपणाऱ्या फाइली, सर्व्हरवरील प्रतीशी ताडून पाहिल्या जातात आणि सेव्ह फाइलींचा ढीग मोठा असेल तर हे ताडणे लांबते. गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये ही जुळणी बंद करता येते. परंतु ती बंद करण्यापूर्वी सेव्ह फाइलींची प्रत पेन ड्राइव्हवर घ्यावी आणि शक्य असल्यास ती चाचणीपुरतीच बंद ठेवावी, कारण डिस्क बिघडून खेळाची सारी प्रगती वाया गेलेले ग्राहक आम्ही पाहिले आहेत आणि त्यांना द्यायला आमच्याकडे उत्तर नव्हते.

दुसरे कारण सहज लक्षात येत नाही. विंडोजच्या 'नेटवर्क अँड इंटरनेट' या भागात 'प्रॉक्सी'खाली 'ऑटोमॅटिकली डिटेक्ट सेटिंग्ज' असा पर्याय असतो. तो चालू असल्यास घरात नसलेला प्रॉक्सी सर्व्हर (ऑफिसांत इंटरनेटच्या वाटेत बसवलेला मध्यस्थ संगणक) शोधण्यात स्टीमचा वेळ जाऊ शकतो. घरच्या यंत्रावर तो बंद करून पाहावा. घरून काम करण्यासाठी ऑफिसने दिलेल्या लॅपटॉपवर मात्र असा बदल करू नये, आणि खरे सांगायचे तर त्यावर गेमही बसवू नयेत.

डाउनलोड मंद असल्यास स्टीमच्या 'डाउनलोड्स' विभागात भारतातील मुंबई हा प्रदेश निवडलेला आहे याची खात्री करावी. तेथेच डाउनलोडचा कॅशे (तात्पुरती साठवण) साफ करण्याचे बटण आहे, ते दाबल्यावर पुन्हा लॉगिन करावे लागते. रात्री उशिरापर्यंत खेळणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. स्टीमची साप्ताहिक देखभाल अमेरिकेतील मंगळवारी दुपारी होते, म्हणजे आपल्याकडे बुधवारची पहाट असते, आणि त्या वेळी जोडणी काही काळ तुटणे यात आपल्या केबलवाल्याचा काहीच दोष नसतो.

शेडर : नकळत स्वतःच ओढवलेला विलंब

प्रकाश, सावली, पाणी यांसारखे दृश्य परिणाम काढणाऱ्या छोट्या प्रोग्रॅमना शेडर म्हणतात, आणि ते आपल्या कार्डासाठी व आपल्या ड्रायव्हरसाठी (कार्ड चालवणाऱ्या प्रोग्रॅमसाठी) आपल्याच यंत्रावर तयार करावे लागतात. अनेक नवे गेम हे काम पहिल्यांदा उघडताना एकदम उरकून घेतात आणि त्या वेळी प्रोसेसर पूर्ण जोमाने राबत असतो. हे पहिल्या वेळी घडले तर तो दोष नव्हे; चहा करून यावा. तयार झालेले शेडर डिस्कवर साठवले जातात आणि पुढच्या वेळी थेट वापरले जातात. तक्रार तेव्हा उद्भवते, जेव्हा ही साठवण वारंवार पुसली जाते.

ती पुसण्याचे दोन मार्ग आमच्या ग्राहकांत विशेष लोकप्रिय आहेत. नवा ग्राफिक्स ड्रायव्हर आला की लगेच बसवणे हा पहिला : ड्रायव्हर बदलला की जुने शेडर बहुधा बाद होतात आणि सर्व काम नव्याने सुरू होते. खेळत असलेल्या गेमसाठी त्या ड्रायव्हरमध्ये काही खास सुधारणा नसेल, तर दर वेळी घाई करण्याचे कारण नाही. दुसरा मार्ग म्हणजे यंत्र 'हलके' करण्याच्या हेतूने दर आठवड्याला सफाई चालवणे. विंडोजच्या 'डिस्क क्लीनअप'मध्ये 'डायरेक्टएक्स शेडर कॅशे' नावाची एक चौकट असते आणि तिच्यावर खूण करून सफाई केली की आपण आपलीच तयारी कचऱ्यात टाकतो. ती खूण काढावी. एनव्हिडियाचे कार्ड असेल तर त्याच्या कंट्रोल पॅनलमध्ये 'शेडर कॅशे साइज' हा पर्याय शोधून तो १० जीबी करावा. जागा मुबलक असल्यास त्याहून अधिक ठेवायलाही हरकत नाही.

अँटिव्हायरस आणि पेन ड्राइव्हवरचे गेम

यंत्रात एकाच वेळी दोन अँटिव्हायरस असू नयेत, कारण गेमची प्रत्येक मोठी फाइल उघडताना दोघेही ती तपासू पाहतात. विंडोजचा स्वतःचा डिफेंडर घरगुती वापरास पुरेसा आहे. स्टीमवरून रीतसर घेतलेल्या गेमचा फोल्डर त्याच्या तपासणीतून वगळता येतो आणि त्याने वेळ वाचतोही. परंतु संपूर्ण ड्राइव्ह वगळू नये. कोणाकडून तरी पेन ड्राइव्हवर आणलेल्या 'क्रॅक' केलेल्या (कुलूप तोडून फुकट वाटलेल्या) गेमसाठी अँटिव्हायरस बंद करून देण्याची विनंती आमच्याकडे नेहमी येते, आणि ती आम्ही नाकारतो.

गेममध्ये काही फाइली खराब झाल्याची शंका असेल, विशेषतः खेळताना वीज जाऊन यंत्र एकदम बंद पडले असेल, तर 'इन्स्टॉल्ड फाइल्स'मध्येच असलेली फाइलींची पडताळणी चालवावी. ती बिघडलेले तेवढेच तुकडे पुन्हा आणते. काही गेम स्टीमनंतर आपल्या कंपनीचा आणखी एक लाँचर उघडतात आणि त्याचे अपडेट किंवा लॉगिन अडले की बाहेरून स्टीमच अडल्यासारखे दिसते. तो लाँचर एकदा स्वतंत्रपणे उघडून अद्ययावत करून घ्यावा.

गेमचाच दोष असेल तर

एवढे करूनही फरक पडत नसेल, तर चूक गेममध्ये असू शकते, आणि याचे एक बोलके उदाहरण ग्राहकांना आम्ही नेहमी सांगतो. ग्रँड थेफ्ट ऑटोचा ऑनलाइन भाग उघडायला कित्येक मिनिटे लागतात, ही तक्रार अनेक वर्षे चालू होती आणि लोक त्यासाठी नवे प्रोसेसर घेत होते. २०२१च्या सुरुवातीला कंपनीबाहेरच्या एका प्रोग्रॅमरने शोधून काढले की गेम सुमारे १० मेगाबाइटची आणि जवळपास ६३,००० नोंदींची एक यादी अत्यंत वेंधळेपणाने वाचत होता : प्रत्येक शब्दागणिक उरलेल्या सगळ्या मजकुराची लांबी पुन्हा मोजली जात होती. ही चूक दुरुस्त करताच त्याच्या यंत्रावर सहा मिनिटांचा वेळ दोन मिनिटांच्या आत आला. गेम बनवणाऱ्या रॉकस्टार कंपनीने ते मान्य केले, त्याला १०,००० डॉलरचे बक्षीस दिले आणि त्याच वर्षी मार्चमध्ये अपडेटमधून ती दुरुस्ती सर्वांना पोहोचवली. अशा वेळी आमच्यासारख्या दुकानदाराने विकलेला कोणताही भाग उपयोगाचा नसतो.

पावसाळा, धूळ आणि दुकानात येणे

मुंबईच्या हवेचा वाटा वेगळा सांगायला हवा. खिडकीशेजारी ठेवलेल्या कॅबिनेटमध्ये समुद्राकडची खारी, दमट हवा आणि शेजारच्या इमारतीच्या पुनर्विकासाची धूळ दोन्ही शिरतात. धुळीने पंखा आणि हीटसिंक (प्रोसेसरची उष्णता बाहेर टाकणारा धातूचा भाग) गच्च झाले की प्रोसेसर तापतो व स्वतःला वाचवण्यासाठी वेग कमी करतो. मग पहिला गेम नीट उघडतो आणि तासाभरानंतरचा दुसरा रखडतो. पावसाळ्यानंतर साटा केबलच्या टोकांवर मळ धरल्यामुळे डिस्क मध्येच अडखळल्याची उदाहरणेही आम्ही हाताळली आहेत, आणि तेव्हा खर्च नव्या केबलपुरताच आला. ऑक्टोबरात एकदा सफाई करून घेतलेली बरी.

ज्यांच्याकडे अजून विंडोज ७ किंवा ८.१ आहे त्यांनी वरील उपायांत वेळ घालवू नये. १ जानेवारी २०२४ पासून स्टीमने त्या आवृत्त्यांचे पाठबळ थांबवले आहे.

यंत्र दुकानात आणायचे ठरल्यास केवळ कॅबिनेट आणावे. मॉनिटर, कीबोर्ड आणि केबल आमच्याकडे आहेत. जड ग्राफिक्स कार्ड असलेले कॅबिनेट टॅक्सीत आणताना कार्ड मदरबोर्डवर उभे राहील अशा बेताने आडवे ठेवावे, आणि लोकलने येणार असाल तर कृपया गर्दीची वेळ टाळून यावे. स्टॉपवॉचचे दोन्ही आकडे कागदावर लिहून आणावेत, त्याने तपासणीचा अर्धा वेळ वाचतो. आपला स्टीमचा पासवर्ड आम्हाला सांगू नये. लॉगिन करण्याची वेळ आली की आम्ही आपल्याला बोलावून घेऊ आणि मोबाइलवर आलेला संकेतांक आपणच भरावा.