गांडुळं, डोळे आणि बेडकाची अंडी: पार्टीच्या गलिच्छ खाऊमागचं सायन्स

बर्थडे पार्टीच्या टेबलावर वेफर्स, सामोसे, केक असं नेहमीचं सगळं मांडा आणि बाजूला एका काचेच्या बाऊलमधे लालसर, ओलसर गांडुळं ठेवून द्या. सात-आठ वर्षांची पोरं आधी "ईईई" करून किंचाळतील आणि पुढच्या मिनिटाला त्याच बाऊलवर तुटून पडतील. गांडुळं अर्थातच जेलीची. अमेरिकेत हा प्रकार जुना आहे, तिकडे चॉकलेट पुडिंगवर काळ्या बिस्किटांचा चुरा म्हणजे माती आणि त्यात खुपसलेली गमी गांडुळं असा 'डर्ट कप' हॅलोविनला घरोघरी होतो, आणि ती गमी गांडुळं ट्रोली नावाच्या जर्मन ब्रँडने १९८१ मधे बाजारात आणली. आपल्याकडे थीम पार्ट्यांमुळे हे आता येतंय आणि मला ते मनापासून आवडतं, कारण किळस, जीभ, मेंदू आणि ओट्यावरची केमिस्ट्री हे सगळं एका प्लेटमधे मुलांना दाखवता येईल असा दुसरा खाऊ मला तरी माहीत नाही.

आधी किळसेचं बघू. आपण समजतो की किळस चवीची किंवा वासाची असते, पण ती बरीचशी "हे नक्की काय आहे" या समजुतीवर चालते. पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातले मानसशास्त्रज्ञ पॉल रोझिन यांनी यावर आयुष्यभर काम केलंय. त्यांचा १९८६ मधे छापून आलेला एक प्रयोग म्हणजे मोठ्या माणसांना चॉकलेट फज दिलं, एक तुकडा साध्या गोल वडीच्या आकाराचा आणि दुसरा कुत्र्याच्या शी च्या आकाराचा. फज तेच, लोकांना ते पक्कं माहीत, तरी दुसरा तुकडा खायला लोक कचरले. रेचल हर्झ या संशोधिकेचा २००१ चा प्रयोग तर अजून भारी आहे: आयसोव्हॅलेरिक आणि ब्युटिरिक ॲसिडचं एकच मिश्रण हुंगायला द्यायचं, एकदा सांगायचं हे पार्मेझान चीज आहे आणि एकदा सांगायचं ही उलटी आहे. वास तोच, पण चीज म्हटलं की लोकांना तो बरा वाटायचा आणि उलटी म्हटलं की नकोसा.

आणि ही समजूत आपण जन्मतः घेऊन येत नाही, हळूहळू शिकतो. रोझिन आणि सहकाऱ्यांनी दोन वर्षांच्या आतल्या मुलांसमोर पीनट बटर आणि उग्र वासाचं चीज यांची बनवलेली कुत्र्याची हुबेहूब शी ठेवली, तर ६०% हून जास्त मुलांनी ती बिनधास्त तोंडात घातली. (रांगतं मूल घरात असलेल्या कुणालाही यात नवल वाटणार नाही!) साधारण सात-आठ वर्षांपर्यंत 'एकदा घाण लागली की आख्खं वाया गेलं' हा नियमही डोक्यात पक्का बसतो, म्हणजे ज्यूसमधून झुरळ काढून टाकलं तरी ज्यूस प्यायचा नाही. नियम कामाचा आहे, रोगांपासून वाचवतो, पण तो आंधळाही आहे आणि मोठ्यांनी शिकवला तसा कुठेही चिकटतो. आपल्याकडे माणसांच्या स्पर्शाचा, सावलीचासुद्धा विटाळ मानला गेला, त्यात ह्याच शिकवलेल्या किळसेचा हात होता, म्हणून मुलांनी तिच्याशी खेळावं, तिला तपासून बघावं हे मला महत्त्वाचं वाटतं. त्यामुळे पार्टीसाठी माझा एक नियम आहे की प्लेटमधली गंमत कुणाच्याही खऱ्या जेवणावर नको. गडचिरोली-बस्तरकडे लाल मुंग्यांची चटणी चवीने खातात, कोकणात सुकट खातात, ते बघून "शी" म्हणायला आपण मुलांना शिकवायचं नाही.

मग घाबरवणारी, किळस आणणारी गोष्ट मजेची का वाटते? शरीर ओरडतंय 'धोका' आणि डोक्याला ठाऊक आहे की धोका काही नाही, या दोन्हींच्या मधल्या जागेत ती मजा आहे. रोझिन याला 'निरुपद्रवी आत्मपीडा' अशा अर्थाचं नाव देतात, मिरची खाऊन नाकडोळे गळत असताना अजून एक ठेचा मागणं किंवा जत्रेतल्या आकाशपाळण्यात किंचाळणं हे त्याच जातीचं. पण यासाठी "हे खोटं आहे" हे मुलाला शंभर टक्के माहीत हवं, त्यामुळे न सांगता पुढ्यात ठेवून फसवण्यापेक्षा मुलांनाच बनवायला बसवलं तर जास्त रंगतं.

आता गांडुळं. इथे जिलेटिन घ्यायचं की चायना ग्रास हा खरा प्रश्न आहे आणि शाकाहारी घरांत तो आपोआपच सुटतो, कारण जिलेटिन म्हणजे जनावरांची हाडं-कातडी उकळून काढलेलं प्रोटीन आणि चायना ग्रास म्हणजे अगार, समुद्रातल्या लाल शेवाळापासून काढलेलं. पण मांसाहारी असाल तरी मे महिन्यात बर्थडे असेल तर अगारच घ्या. जिलेटिनची जेली ३०-३५ अंशांच्या आसपास वितळायला लागते, म्हणजे नागपूरच्या दुपारी गांडुळांचं सरबत होणार. अगारचं उलटं आहे, ते विरघळायला जवळजवळ उकळतं पाणी लागतं, गार होताना ३५-४० अंशांच्या आसपास घट्ट होतं, आणि एकदा घट्ट झालं की ८५ अंशांपर्यंत वितळत नाही. फ्रिजसुद्धा लागत नाही!

हाच गुण एकेकाळी लॅबमधे उपयोगी पडला. १८८१-८२ च्या सुमारास जर्मनीत जंतुशास्त्रज्ञ रॉबर्ट कॉख यांच्याकडे जंतू वाढवायला जिलेटिन वापरायचे, पण ३७ अंशांच्या उबेत ते पातळ व्हायचं आणि काही जंतू तर ते खाऊनच टाकायचे. तिथे काम करणारे वॉल्थर हेस वैतागले होते, त्यांची बायको फॅनी हेस घरी जॅम-जेलीत अगार घालायची, इंडोनेशियातल्या जावा बेटावर राहून आलेल्या ओळखीच्या लोकांकडून तिला ते कळलेलं. तिने सुचवलं, अगार वापरून बघ. आजही जगभरच्या पॅथॉलॉजी लॅबमधे जंतू अगारवरच वाढवतात, आणि हे मुलांना सांगायलाच हवं असं मला वाटतं, कारण फॅनीचं नाव फार थोड्या लोकांना माहीत आहे.

कृती अशी. एक कप पाण्यात दीड टीस्पून अगार पावडर गार असतानाच ढवळायची (पट्ट्या असतील तर आधी भिजवून घ्या), उकळी आली की दोन-तीन मिनिटं मंद आचेवर, पूर्ण पारदर्शक होईपर्यंत, मग साखर आणि अर्धी वाटी नारळाचं दूध, त्याने गांडुळाला तो खराखुरा गढूळपणा येतो. गॅस बंद करून मग बीटाचा रस आणि किंचित कोको. बीट शेवटी घालायचं कारण त्याचा लाल रंग, बीटानिन, जास्त उकळला की तपकिरी पडतो. आंबटपणा हवा म्हणून कोकम किंवा लिंबू घालणार असाल तर तेही गॅस बंद केल्यावरच, ॲसिडमधे उकळलं की अगारच्या रेणूंच्या लांब साखळ्या तुटतात आणि जेली धरतच नाही. हे मिश्रण रबरबँड लावून उंच ग्लासात उभ्या केलेल्या सिलिकॉनच्या स्ट्रॉंमधे ओतायचं. खालून थोडं गळून ग्लासात पसरेल, पसरू दे. अर्ध्या-पाऊण तासात घट्ट झालं की एका टोकाकडून दाबत आणायचं आणि दुसऱ्या टोकातून गांडूळ सुळ्ळकन ताटलीत पडतं, हे काम पोरांना द्या, ती ते तासभर करतील.

आता ताटलीत पडलेलं गांडूळ जवळून बघा. त्याच्या अंगावर पाण्याची पातळ चमकती फिल्म असते आणि पुसली तरी थोड्या वेळाने परत येते. गार होताना अगारच्या साखळ्या जोडीजोडीने एकमेकींना पीळ घालतात, त्यांची जाळी बनते आणि एवढ्याशा पावडरीत एवढं पाणी अडकून बसतं, पण ती जाळी नंतरही हळूहळू आवळत राहते आणि पाणी बाहेर झिरपतं. जेली बनवणाऱ्याला हा एरवी दोष वाटतो, इथे मात्र त्याच्यामुळेच गांडूळ जिवंत वाटतं. फक्त एक आहे, अगारचं गांडूळ चावलं की कट्कन तुटतं, गमीसारखं ताणत नाही, तो ताण हवा असेल तर जिलेटिनच लागेल. आणि जिलेटिनमधे ताजा अननस किंवा पपई टाकू नका, त्यांतली एन्झाइम्स प्रोटीन तोडतात आणि सगळं पाणी होतं. अगार प्रोटीन नाही, त्याला काही फरक पडत नाही.

बेडकाच्या अंड्यांना तर काहीच करावं लागत नाही. सब्जा पाण्यात टाका, पंधरा-वीस मिनिटांत प्रत्येक काळ्या दाण्याभोवती पारदर्शक गोळा फुगतो, वर थोडं खसचं हिरवं सरबत, झालं पावसाळ्यातलं डबकं. फालुद्यात हेच आपण मिटक्या मारत खातो.

डोळ्यांसाठी माझी पसंती ताडगोळ्याला. साल नीट सोलून वर चमच्याने छोटा खळगा करायचा आणि त्यात जांभळाचा किंवा काळ्या द्राक्षाचा तुकडा बसवायचा. हा डोळा दिसायलाच नाही, तर बनावटीलाही खऱ्याच्या बराच जवळ आहे, आपल्या डोळ्यातला पारदर्शक जेलीचा भाग जवळपास ९८-९९% पाणीच असतो, कोलॅजेन नावाच्या प्रोटीनच्या बारीक धाग्यांनी आणि हायलुरॉनिक ॲसिडने धरून ठेवलेला. आणि कोलॅजेन उकळलं की मिळतं जिलेटिन.

प्यायला गोकर्णाच्या फुलांचं निळं सरबत ठेवा आणि लिंबू प्रत्येकाच्या हातात द्या, पिळलं की जांभळं होतं, कारण त्यातली अँथोसायनिन्स नावाची रंगद्रव्यं ॲसिड बघून रंग बदलतात. बीटाच्या 'रक्तात' लिंबू पिळून काही होत नाही, रंगद्रव्य वेगळं, हा फरक मुलांना स्वतः शोधू द्या. (बीट जास्त झालं तर काही मुलांची शू दुसऱ्या दिवशी गुलाबी होते, आयांना आधीच सांगून ठेवा, नाहीतर रात्री फोन येतील.) बाजारचा रंग वापरलात तर पाकिटावर एफएसएसएआयचा परवाना नंबर बघून घ्या, आणि काळ्या रंगासाठी कोळशाची पावडर अजिबात नको, ती पोटातली औषधं शोषून घेते, कोको पुरतो.

धुरासाठी ड्राय आइसचा मोह होतो, तो टाळा. उणे ७८ अंशांचा असतो, तोंडात गेला तर भाजतं, आणि २०२४ मधे गुरुग्रामच्या एका हॉटेलात माउथ फ्रेशनर म्हणून चुकून तोच दिला गेल्यावर लोकांना रक्ताच्या उलट्या झाल्या होत्या. पाच वर्षांखालच्या मुलांना आख्खं द्राक्ष किंवा जेलीचा मोठा गोळा देऊ नका, घशात अडकतो, द्राक्ष उभं चिरून चार फोडी करा आणि गांडुळांचेही छोटे तुकडे. तीन-चार वर्षांची पिल्लं खरोखर घाबरतात, त्यांना अजून 'खोटं खोटं' नीट कळत नसतं, त्यांच्यासाठी त्याच अगारचे चांदण्यांच्या साच्यातले तुकडे वेगळ्या ताटलीत ठेवा.