माउंट एअरीचं डब्ल्यूपीएक्यू: डोंगरातल्या गाण्यांचं छोटं रेडिओ स्टेशन

अमेरिकेतलं कंट्री म्युझिक म्हटलं की बहुतेकांना नॅशव्हिल शहर आठवतं, आणि रेडिओवरचं कंट्री म्हटलं की तिथलं डब्ल्यूएसएम स्टेशन आणि १९२५ पासून चालू असलेला ग्रँड ओल ऑप्री हा त्याचा गाण्यांचा कार्यक्रम. त्यांचं काम मोठं आहेच, पण हे संगीत ज्या डोंगरांतून आलं तिथलं एखादं छोटं स्टेशन बघितलं तर जास्त उलगडतं असं मला मनापासून वाटतं, म्हणून हे नॉर्थ कॅरोलायनातल्या माउंट एअरी गावच्या डब्ल्यूपीएक्यूबद्दल.

गाव ब्लू रिज डोंगराच्या पायथ्याशी, व्हर्जिनियाची हद्द हाकेच्या अंतरावर. ग्रॅनाइटची प्रचंड खाण, मोजे विणायच्या गिरण्या, आजूबाजूला तंबाखूची शेती. आणि वस्त्यावस्त्यांवर फिडल (म्हणजे व्हायोलिनच) आणि बँजो. जवळच्या राउंड पीक वस्तीवरून तर वाजवायच्या एका पद्धतीलाच नाव पडलंय. त्यात फिडल पुढे आणि बँजो मागे नुसता ठेका धरून बसलाय असं नसतं, दोघंही एकच चाल अगदी अंगाला अंग लावून वाजवतात, बँजोवाला तार वर खेचत नाही तर नखाने खाली मारतो, आणि जुन्या बऱ्याच बँजोंना पडदेच नसायचे त्यामुळे सूर मींड घेतल्यासारखा घसरत येतो. एकदा कानात बसलं की विसरता येत नाही.

या संगीताला 'हिलबिली' हे नाव चिकटलं तेही याच टापूतल्या माणसांमुळे. १९२५ च्या जानेवारीत अल हॉपकिन्सचं बँड न्यूयॉर्कला रेकॉर्डिंगला गेलं, त्यातली काही मंडळी शेजारच्या व्हर्जिनियातल्या गॅलॅक्स गावाकडची, बँडचं नाव काय लिहू असं रेकॉर्ड कंपनीच्या राल्फ पीअरने विचारल्यावर आपण डोंगराकडचे हिलबिली लोक, अशा अर्थाचं उत्तर मिळालं आणि त्याने तेच लिहून टाकलं. पुढे तो शब्द गावंढळ म्हणून हिणवायला वापरला गेला, ते मला अजिबात पटत नाही.

तर अशा गावात राल्फ एपर्सन नावाच्या माणसाने २ फेब्रुवारी १९४८ ला स्टेशन चालू केलं. एएमवर, म्हणजे मिडियम वेव्हवर, ७४० किलोहर्ट्झ. त्याला रेडिओच्या यंत्रांचं वेड होतं आणि डोंगरातल्या गाण्यांचंही. पण ७४० वर रात्री मुख्य हक्क कॅनडाचा, टोरोंटोच्या स्टेशनचा, आणि अंधार पडला की मिडियम वेव्हच्या लहरी आकाशातल्या थरावर आपटून शेकडो मैल लांब जातात (जुन्या ट्रान्झिस्टरवर रात्री भलतीच लांबची स्टेशनं लागायची ती यामुळेच). टोरोंटोला अडथळा नको म्हणून माउंट एअरीचं हे स्टेशन मूळचं दिवसाचं. आजही दिवसा १०,००० वॉट आणि रात्री अगदी नावापुरती पॉवर.

त्यात शनिवारचा दिवस महत्त्वाचा. सुरुवातीपासूनच 'मेरी-गो-राउंड' नावाचा लाइव्ह कार्यक्रम, आसपासचे वाजवणारे यायचे आणि माइकसमोर उभे राहायचे, कोणी शेतकरी, कोणी गिरणीत कामाला. बेंटन फ्लिपेनसारखा जबरदस्त फिडलवाला मोज्यांच्या गिरणीत नोकरी करायचा! राउंड पीकचा सगळ्यात नावाजलेला फिडलवाला टॉमी जॅरेल, तो सरकारी रस्त्यांवर ग्रेडर (रस्ता सपाट करायचं यंत्र) चालवायचा आणि रिटायर झाल्यावर लांबलांबची तरुण पोरं त्याच्या घरी शिकायला यायला लागली, १९८२ ला त्याला नॅशनल हेरिटेज फेलोशिप हा लोककलाकारांचा राष्ट्रीय सन्मान मिळाला. म्हणजे स्टेशनला कलाकार शोधायला बाहेर जावंच लागलं नाही.

एपर्सनने आणखी एक फार मोलाचं काम केलं, या मैफली रेकॉर्ड करून ठेवल्या. तेव्हा छोट्या स्टेशनांकडे टेप नव्हती, लाखेसारखा थर दिलेली तबकडी फिरायची आणि तिच्यावर सुई थेट खाच कोरत जायची, कोरलेला थर केसासारखा बारीक धागा होऊन निघायचा, तो अडकू नये म्हणून सतत बाजूला करायला लागायचा. चूक झाली तर तबकडी गेली. अशा नाजूक तबकड्या त्याने सांभाळल्या, पुढे त्यातलं निवडक राऊंडर रेकॉर्ड्स या कंपनीने सीडीवर काढलं. नाहीतर त्या लोकांचं वाजवणं त्यांच्याबरोबरच गेलं असतं.

नंतर रॉक आलं, नॅशव्हिलचं कंट्री गुळगुळीत होत गेलं, जाहिराती मिळवायला कितीतरी छोट्या स्टेशनांनी आपलं गाणं बदललं. एपर्सनने नाही बदललं. ब्लूग्रास (बँजो-फिडलचं जलद वाजणारं कंट्री), जुनं फिडल-बँजो, गॉस्पेल म्हणजे ख्रिस्ती भक्तिगीतं, रविवारी चर्चचे कार्यक्रम, गावातल्या मयताच्या बातम्या, हेच चालू ठेवलं. माझ्या मते स्टेशन टिकलं ते याच हट्टामुळे, कारण तेच गाणं दुसरीकडे ऐकायला मिळत नव्हतं आणि ऐकणाऱ्यांचेच काका-मामा त्यात वाजवत होते.

२००६ ला एपर्सन गेला, स्टेशन मुलाने पुढे चालवलं. मेरी-गो-राउंड आता गावातल्या १९३८ च्या अर्ल थिएटरमधून शनिवारी सकाळी अकराला होतो, पुढे थोडी जागा मोकळी असते तिथे म्हातारीकोतारी माणसं पावलं आपटत नाचतात. स्टेशन इंटरनेटवरही लागतं. तिथले सकाळचे अकरा म्हणजे आपल्याकडे रात्रीचे साडेआठ, त्यांच्या थंडीत साडेनऊ.