वाघिणीचे दूध
वाघिणीचे दूध : अतिदुर्मीळ वस्तू, अंगी बळ आणणारी विद्या आणि निर्भयपणा या अर्थांनी रूढ असलेला मराठी शब्दप्रयोग. व्यालेल्या वाघिणीच्या जवळ जाणे म्हणजे मरणाच्या दारात उभे राहणे. म्हणून तिचे दूध आणून दाखवणे ही कथांमध्ये सत्त्वपरीक्षा ठरली. समर्थ रामदासांच्या पोटशुळावर शिवाजी महाराजांनी हे दूध आणले, ही आख्यायिका कीर्तनांतून घराघरांत पोचली. केरळातील अय्यप्पाच्या कथेतही राणी दुखण्याचे सोंग घेऊन हेच औषध मागते.

या कथांत दूध आणणारा ते स्वतः पीत नाही. अर्थ पालटला तो नेमका इथे. निबंधमालाकार विष्णुशास्त्री चिपळूणकर (१८५०–८२) यांनी इंग्रजी विद्येला वाघिणीचे दूध म्हटल्याचे सांगतात. मराठीच्या अभिमानाने ‘निबंधमाले’चे ८४ अंक काढणाऱ्या आणि १८८० मध्ये पुण्यात न्यू इंग्लिश स्कूल उभारणाऱ्या माणसाच्या तोंडी हे वचन शोभतेही. त्याआधीच, ‘काव्यफुले’ (१८५४) या संग्रहात, सावित्रीबाई फुले यांनी शूद्रांना उद्धरणारी म्हणून इंग्रजीला ‘माउली’ म्हटले होते. तिथे वाघीण नाही, पण आई आहे.

आज मात्र हा प्रयोग सर्वाधिक ऐकू येतो तो डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नावाने : शिक्षण हे वाघिणीचे दूध आहे, ते जो प्राशन करील तो गुरगुरल्याशिवाय राहणार नाही. इंग्रजीची अट इथे गळून पडली. १४ एप्रिलच्या फलकांवर, वसतिगृहांच्या भिंतींवर, वह्यांच्या पहिल्या पानावर हे वचन दिसते. ज्यांना पिढ्यानपिढ्या अक्षराला शिवू दिले नाही, त्यांच्या घरात ते लिहिले जाते तेव्हा वाघीण भीतीची राहत नाही, आपल्याच लेकराला पाजणारी होते. जोतीराव फुल्यांवर कडवट टीका करणाऱ्या चिपळूणकरांशी जोडलेली उपमा फुल्यांना गुरू मानणाऱ्या चळवळीची ओळख व्हावी, हा या शब्दप्रयोगाचा सर्वांत मोलाचा प्रवास होय.

वचनातील क्रियापदही पाहण्यासारखे आहे. गुरगुरणे म्हणजे डरकाळी नव्हे. अन्यायाला दिलेली ती पहिली ताकीद. हिंदीत हेच वचन ‘शेरनी का दूध’ म्हणून पसरले आणि गुरगुरण्याच्या जागी ‘दहाड़ना’ आले. बोलीत मात्र जुना अर्थ टिकून आहे : कुणी अंगावर धावून आले, की ‘तू काय वाघिणीचं दूध प्यायलायस?’ असे आजही विचारतात.