‘चॅम्पियन’ म्हणजे नेमका कशाचा? विजेंदर सिंगच्या पट्ट्यामागची पार्श्वभूमी

मराठवाड्यात मुक्केबाजीचा विषय निघाला की विजेंदर सिंगच्या दोन गोष्टी एका दमात सांगितल्या जातात: बीजिंग ऑलिंपिकचं पदक आणि व्यावसायिक मुक्केबाजीतला ‘बेल्ट’, म्हणजे किताबाचा पट्टा. पुढे ‘वर्ल्ड चॅम्पियन’ हा शब्द आपोआप चिकटतो. पदक आणि बेल्ट वेगवेगळ्या खेळांतले म्हणावेत इतके दूरचे आहेत, आणि तिसरा शब्द चुकीचा आहे. तो चुकीचा का, हे कळायला त्याची व्यावसायिक कारकीर्द थोडी उसवून पाहावी लागते.

हौशी काळ सगळ्यांना ठाऊक आहे. भिवानीजवळचं कालुवास गाव, 2004 ला अथेन्समध्ये पहिल्याच फेरीत बाहेर, 2008 ला बीजिंगमध्ये 75 किलोत कांस्य, 2009 ला मिलानच्या जागतिक स्पर्धेत पुन्हा कांस्य, 2010 ला ग्वांगझूमध्ये आशियाई सुवर्ण. मात्र बीजिंगचं पदक कोणत्या पद्धतीने मिळालं, हे पुढच्या हिशेबासाठी लक्षात ठेवावं. तेव्हा लढत 4 फेऱ्यांची, प्रत्येक फेरी 2 मिनिटांची. पाच पंचांपुढे लाल-निळी बटणं, आणि साधारण एका सेकंदाच्या आत तिघांनी तेच बटण दाबलं तरच गुण. उपांत्यपूर्व फेरी त्याने 9-4 अशी जिंकली, उपांत्य फेरी 5-8 अशी गमावली. म्हणजे आठ मिनिटांत मोजले गेलेले ठोसे नऊ. पोटावरचे, बरगडीवरचे ठोसे या यंत्रात फारसे उमटायचेच नाहीत. त्यामुळे ती सगळी पिढी लांबून सरळ ठोसा टेकवायचा आणि मागे सरकायचं, या घडणीची झाली.

पुढे दोन गोष्टी एकत्र आल्या. लंडनला 2012 मध्ये तो उपांत्यपूर्व फेरीत 13-17 ने हरला, आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात देशातल्या संघटनेवर आंतरराष्ट्रीय निलंबन आलं. स्थिर, मान्यताप्राप्त नवी संघटना उभी राहायला 2016 उजाडलं. 2014 च्या ग्लासगो राष्ट्रकुलात त्याने रौप्य मिळवलं, पण घरच्या कारभाराचा भरवसा उरला नव्हता. जून 2015 मध्ये त्याने इंग्लंडच्या एका प्रवर्तकाशी, म्हणजे व्यावसायिक लढती भरवणाऱ्याशी, करार केला. पोलीस खात्यातल्या नोकरीत राहून असा करार करता येतो का, यावर तेव्हा बराच गदारोळ झाला. त्या करारामुळे 2016 च्या रिओ ऑलिंपिकचं दार बंद झालं, असंच सगळे धरून होते. बरोबर वर्षभराने, जून 2016 मध्ये, आंतरराष्ट्रीय संघटनेने व्यावसायिकांना ऑलिंपिक खुलं केलं! पण तोवर त्याची गाडी दुसऱ्या रुळावर गेली होती.

या दुसऱ्या रुळावर काय बदलतं? फेरी 3 मिनिटांची, आणि फेऱ्या सुरुवातीला 4, मग 6, 8, 10. जागतिक किताबासाठी 12. त्याच्या वजनाला हातमोजा 10 औंसांचा. हाताला गुंडाळायच्या पट्ट्या साध्या कापडी नाहीत; गॉज (जाळीदार कापड) आणि चिकटपट्टीने हात ‘बांधून’ घ्यायचा, चिकटपट्टी मुठीच्या गाठींवर येऊ द्यायची नाही, आणि समोरच्या गोटातला माणूस ते बांधणं उभं राहून बघतो. वजन लढतीच्या आदल्या दिवशी होतं. त्याच्या वजनगटाची, सुपर मिडलवेटची, मर्यादा 168 पौंड, म्हणजे 76.2 किलो. आदल्या दिवशी पाणी तोडून काटा गाठायचा आणि रात्रभरात ते भरून काढायचं. हौशी स्पर्धेत ज्या दिवशी लढत त्याच सकाळी काटा, म्हणून तिथे ही सूट नसते. पाणी नीट भरलं नाही तर त्याचा परिणाम पहिल्या फेरीत दिसत नाही. चौथ्या-पाचव्या फेरीत पाय जड होतात आणि हात हनुवटीखाली येतात.

सगळ्यात अवघड बदल उभं राहण्याचा. टेकवून पळणाऱ्याचं वजन मागच्या पायावर असतं. दहा फेऱ्यांत तसं खेळलं तर समोरचा थकत नाही, आपणच थकतो. गुडघे वाकवून, जागेवर बसून, कमरेतून ठोसा काढावा लागतो आणि निम्मे ठोसे समोरच्याच्या पोटा-बरगडीवर घालावे लागतात. तिशीला टेकलेल्या माणसाने मँचेस्टरला जाऊन हे नव्याने शिकायला घेतलं. त्याच्या कारकिर्दीतली हीच गोष्ट सर्वांत अवघड होती, असं आमचं मत. तिची बातमी मात्र क्वचितच झाली.

10 ऑक्टोबर 2015 ला मँचेस्टरमध्ये पहिली लढत, तिसऱ्या फेरीत विजय. मग डब्लिन, पुन्हा मँचेस्टर, लिव्हरपूल, लंडन, बोल्टन. मे 2016 पर्यंत सहा लढती, सहाही मुदतीआधी संपलेल्या. आकडा डोळ्यात भरतो, पण जत्रेच्या फडात बसलेल्या माणसाला यातलं गणित सांगावं लागत नाही. माळेगावच्या यात्रेत असो की गावच्या उरुसात, चढत्या पैलवानाला पंच कमिटी ‘जोड’ कशी लावते हे त्याने पाहिलेलं असतं. तिथे आणि इथे फरक एवढाच की मुक्केबाजीत जोड लावणं हा पगारी धंदा आहे. नव्या माणसापुढे आधी हरायची सवय असलेले, मग थोडे टणक, मग वेगळ्या उंचीचे, मग डावखुरे असे प्रतिस्पर्धी मोजून उभे केले जातात. यात लबाडी नाही, ही शिकवणीच आहे. फक्त सहा-शून्य या आकड्याला सहा मातब्बरांवरचे विजय समजू नये.

आता बेल्ट. 16 जुलै 2016, दिल्लीचं त्यागराज स्टेडियम. पणाला होता सुपर मिडलवेटचा ‘आशिया पॅसिफिक’ किताब. दहा फेऱ्या पूर्ण झाल्या आणि तिन्ही पंचांनी कौल विजेंदरला दिला: 98-92, 98-92, 100-90. फेरी जिंकणाऱ्याला 10, हरणाऱ्याला 9, या हिशेबाने दोन पंचांनी त्याला आठ-आठ फेऱ्या दिल्या, तिसऱ्याने दहाच्या दहा. आयुष्यात पहिल्यांदा तो सलग तीस मिनिटं लढला आणि टिकला. हे यश खरं आहे, त्यात पाणी घालायचं कारण नाही.

गोंधळ आहे तो नावात. मराठी बातम्यांत ‘आशिया पॅसिफिक’चं ‘आशियाई’ झालं, आणि गावोगावच्या फ्लेक्सवर ‘आशियाई’चं ‘जागतिक’ व्हायला फार वेळ लागला नाही. आशियाई विजेता तो 2010 ला झालाच होता, पण ती हौशी स्पर्धा. देशोदेशीचे खेळाडू सोडतीत पडून एकमेकांशी लढतात, शेवटी एक उरतो. व्यावसायिक किताबाला अशी सोडत नसते. जगात चार मोठ्या संघटना आहेत. सर्वांत जुनीचं मूळ 1921 चं, दुसरी 1963 ची, तिसरी 1983 ची, चौथी 1988 ची. प्रत्येकीचा आपापला जागतिक विजेता, म्हणजे एका वजनात एकाच वेळी चौघे ‘जगज्जेते’ असू शकतात. त्या खाली प्रत्येकीचे प्रादेशिक किताब. विजेंदरचा पट्टा यातल्या चौथीचा, पोर्तो रिकोत ठाण मांडून बसलेल्या संघटनेचा, आणि प्रादेशिक पायरीवरचा. शिवाय तो किताब त्या वेळी ‘रिक्त’ होता. कोणा गादीवरच्या विजेत्याला उतरवून तो मिळाला नाही. मोकळ्या जागेसाठी दोघं लढले. समोरचा गडी वेल्समध्ये जन्मलेला, माजी युरोपीय विजेता, पण ऑस्ट्रेलियात स्थायिक, म्हणून आशिया पॅसिफिकसाठी पात्र!

मग या पट्ट्याची किंमत काय? तो दाराची किल्ली आहे. प्रादेशिक किताब असला की संघटनेच्या पहिल्या पंधरांच्या यादीत शिरायला वाट मिळते, आणि जागतिक किताबाची लढत मागायची तर आधी त्या यादीत असावं लागतं. संघटनेलाही यात रस असतो, कारण किताबाच्या लढतीवर तिला शुल्क मिळतं. जागतिक लढतीत ते विजेत्याच्या मानधनाच्या साधारण 3 टक्क्यांपर्यंत जातं. जितके किताब, तितकी शुल्कं.

कुस्तीवाल्यांना हे परकं वाटायला नको. पहिली महाराष्ट्र केसरी 1961 ला औरंगाबादेत झाली, तेव्हा गदा एक आणि दावेदारही एकाच आखाड्यात उतरणारे. पुढे गादीचा (मॅटवरचा) विजेता आणि मातीचा विजेता अशी विभागणी आली, पण शेवटी दोघांची गाठ घालूनच गदा दिली जाते. संघटनेत फूट पडल्यावर मात्र नोव्हेंबर 2023 मध्ये एक किताब फुलगावला लागला आणि काही दिवसांनी दुसरा धाराशिवला. ‘यंदाचा केसरी कोण?’ या प्रश्नाला दोन उत्तरं. व्यावसायिक मुक्केबाजी कित्येक दशकं अशीच चालली आहे, आणि गादी-मातीची गाठ घालायची सक्ती तिथे कोणावर नाही. दोन प्रवर्तकांचं पैशांवर जमलं तरच दोन विजेते समोरासमोर येतात.

डिसेंबर 2016 मध्ये त्याने किताब दिल्लीतच तिसऱ्या फेरीत राखला. 5 ऑगस्ट 2017 ची मुंबईची लढत जास्त बोलकी. समोर चिनी मुक्केबाज, त्याच्याकडे त्याच संघटनेचा ‘ओरिएंटल’ पट्टा, दोन्ही पणाला. निकाल 96-93, 95-94, 95-94. दहा फेऱ्यांत एकूण गुण 190 व्हायला हवेत. इथे बेरीज 189 येते. हरवलेला एक गुण प्रतिस्पर्ध्याचा, कमरेखाली मारल्याबद्दल कापलेला. तो कापला नसता तर दोन पंचांच्या कागदावर 95-95 दिसलं असतं, म्हणजे लढत बरोबरीत सुटली असती आणि दुसरा पट्टा आला नसता. दुसऱ्या दिवशीच्या चर्चेत हे गणित हरवलं. चीनशी डोकलामचा सीमातणाव चालू होता, आणि जिंकल्यावर त्याने पट्टा परत द्यायची तयारी दाखवली, तीच बातमी झाली. लढत पाहणाऱ्याला मात्र शेवटच्या फेऱ्यांत त्याचं पाऊल मागे पडताना दिसत होतं.

डिसेंबर 2017 ला जयपूरमध्ये दहा फेऱ्यांचा आणखी एक विजय, आणि मग घडी विस्कटली. पुढची लढत जुलै 2019 मध्ये, अमेरिकेत नेवार्कला. चौथ्या फेरीत जिंकला. मधल्या काळात लोकसभेची निवडणूकही लढवून झाली. नोव्हेंबर 2019 ला दुबई, मग पुन्हा सोळा महिने शांतता. इतका खंड पडला की दम सरावाने परत आणता येतो, अंतराचा अंदाज आणता येत नाही. तो फक्त खऱ्या लढतीतच धारदार राहतो. 19 मार्च 2021 ला पणजीत मांडवीवरच्या कॅसिनो जहाजाच्या गच्चीवर रिंगण मांडलं गेलं. समोर सहा फुटांच्या बराच वर, विशीतला रशियन, आणि हा पस्तिशीचा. उंच गड्याविरुद्ध आत घुसून अंगावर मारावं लागतं. तो लांबच राहिला आणि सरळ ठोसे खात गेला. पाचव्या फेरीत पंचाने लढत थांबवली. पहिला पराभव.

ऑगस्ट 2022 मध्ये रायपूरला दुसऱ्या फेरीत विजय मिळाला आणि नोंद 13 विजय, 1 पराभव अशी झाली. 13 पैकी 9 मुदतीआधीचे. या यादीत चारपैकी कोणत्याही संघटनेच्या जागतिक किताबाची एकही लढत नाही. म्हणजे तो ती हरला असं नाही, ती झालीच नाही. किल्ली हातात होती 2016-17 मध्ये, वयाची एकतीस-बत्तीस वर्षं. मोठ्या नावांशी जोड लावायची ती वेळ होती, आणि नेमका त्यानंतरच दीड वर्षाचा खंड पडला. दोष कोणाचा, यावर मतं वेगळी आहेत. प्रवर्तकांना भारतातल्या तिकीटबारीत जास्त रस होता, हे आमचं.

तालमीतून आता पोरं विचारतात की व्यावसायिक व्हायला बेल्ट लागतो का. नाही. लागतो तो परवाना, आणि त्यासाठी एचआयव्ही आणि दोन्ही काविळींच्या (हिपॅटायटिस बी आणि सी) रक्ततपासण्या, डोळ्यांची तपासणी आणि मेंदूचा स्कॅन. कागद आधी, बेल्ट फार नंतर. आणि करार इंग्रजीत असतो: किती वर्षांचा, वर्षाला किती लढती, वैद्यकीय खर्च कोणाचा, ही तीन कलमं वकिलाकडून वाचून घेतल्याशिवाय सही करू नये.