लिटल गिडिंग : एका वाडीची पार्श्वभूमी

इंग्रजी साहित्य शिकलेल्यांना लिटल गिडिंग हे नाव टी. एस. एलियट यांच्या १९४२ सालच्या कवितेमुळे ठाऊक असते, तर इंग्लंडच्या चर्चचा इतिहास वाचणाऱ्यांना निकोलस फेरार या माणसामुळे. दोघांच्याही मनात चित्र असते ते एका साधुपुरुषाच्या आश्रमाचे. हंटिंगडनच्या वायव्येला, शेतांच्या मधोमध, एक इवलेसे चर्च, एक शेतघर आणि तुरळक घरे एवढीच ही वाडी. तिचा जो काळ जगाला आठवतो तो जेमतेम तीस-बत्तीस वर्षांचा. त्या वर्षांबद्दल एक गोष्ट मात्र पुरेशी ठासून सांगितली जात नाही. ही जागा सत्तरी ओलांडलेल्या एका बाईने घेतली आणि पुढे ती मोठ्या प्रमाणात बायकांच्या हातांवर चालली.

त्याआधीचे थोडक्यात. गिडिंग नावाच्या तीन वस्त्या शेजारीशेजारी आहेत : ग्रेट, स्टीपल आणि लिटल. १०८६ च्या डूम्सडे या जमीन-मालमत्तेच्या राजकीय नोंदवहीत गिडिंगचा उल्लेख सापडतो. मध्ययुगाच्या उत्तरार्धात लिटल गिडिंगचे गाव ओस पडत गेले आणि नांगराखालची जमीन मेंढ्यांच्या कुरणात गेली. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला इथे उरला होता एक पडायला आलेला वाडा, मेंढपाळांचा निवारा आणि गवत साठवायला वापरले जाणारे चर्च. चर्चच्या एका खोलीत तर डुकरे बांधली जात.

फेरार हे लंडनचे व्यापारी घराणे. थोरले निकोलस फेरार हे अमेरिकेत वसाहत चालवणाऱ्या व्हर्जिनिया कंपनीचे भागीदार होते. १६२० मध्ये ते वारले तेव्हा व्हर्जिनियातल्या मूळ रहिवाशांच्या मुलांसाठी काढायच्या कॉलेजला मृत्युपत्रात ३०० पौंड ठेवून गेले. धाकटा मुलगा निकोलस १५९३ चा. केंब्रिजच्या क्लेअर हॉलमध्ये शिकला, प्रकृतीच्या कारणाने काही वर्षे युरोपात हिंडला, परत आल्यावर भाऊ जॉनच्या पाठोपाठ कंपनीचा कारभार पाहू लागला. दिवस वाईट होते. १६२२ मध्ये वसाहतीवर हल्ला होऊन ३४७ माणसे मारली गेली, कंपनीत तट पडले आणि १६२४ मध्ये सनदच रद्द झाली. कागदपत्रे जप्त होणार हे ओळखून निकोलसने सभांच्या इतिवृत्तांच्या नकला करवून ठेवल्या. त्या आज अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये आहेत आणि कंपनीच्या अखेरच्या वर्षांचा इतिहास त्यांच्याशिवाय लिहिता आला नसता. १६२४ मध्येच तो पार्लमेंटातही होता.

मग हे कुटुंब लंडन सोडून एका ओसाड वाडीत का गेले? रूढ उत्तर असे की निकोलसला संसाराचा वीट आला. पण जॉनचा व्यापार बुडीत निघाला होता, कर्जे अंगावर होती, आणि १६२५ मध्ये लंडनमध्ये प्लेग पसरला. लिटल गिडिंगची जमीन घेतली गेली ती आई मेरी फेरार यांच्या पैशातून, कुटुंबाची उरलेली पुंजी सुरक्षित राहावी म्हणूनही. ओढ खरी होती आणि अडचणही खरी होती. हे मान्य केल्याने कुणाच्या भक्तीला उणेपणा येत नाही. निकोलसच्या चरित्राचा मुख्य आधार त्याच्या भावाने, जॉनने, लिहिलेल्या आठवणी आहेत, आणि तो भाऊ निस्सीम प्रेमाने लिहितो, स्वतःच्या कर्जाची बाब फारशी पुढे आणत नाही, हे वाचताना लक्षात ठेवावे लागते.

मेरी फेरार वाडीत पोचल्या तेव्हाचा प्रसंग नेहमी सांगितला जातो. चर्चची अवस्था पाहून त्यांनी आधी ते साफ करायला सांगितले. वाड्याची दुरुस्ती नंतर. कामाला माणसे लावली, गवत बाहेर काढले, आणि देवाचे घर निर्मळ झाल्यावरच स्वतःचे घर पाहिले. पुढे १६२६ मध्ये निकोलसला विल्यम लॉड या बिशपने डीकनची, म्हणजे पाळकाच्या खालच्या पायरीची, दीक्षा दिली. पाळकपदाची पुरी दीक्षा त्याने कधीच घेतली नाही.

घरात तीस-चाळीस माणसे असत. जॉनचे कुटुंब, बहीण सुझॅना कॉलेट, तिचा नवरा आणि त्यांची पुष्कळ मुले, शिक्षक, नोकर. दररोज चर्चमध्ये प्रार्थना, घरात तासातासाला स्तोत्रे आणि शुभवर्तमानाचे वाचन, रात्री पाळीपाळीने जागरण. आजूबाजूच्या खेड्यांतली मुले रविवारी येत. पाठ म्हटलेल्या प्रत्येक स्तोत्रामागे एक पेनी आणि नंतर जेवण मिळे. आजाऱ्यांना औषध, गरिबांना पेज, चार गरीब विधवांना राहायला जागा. यातले औषधपाणी आणि जखमांची मलमपट्टी कॉलेट घराण्यातल्या मुलींकडे होती.

त्याच मुलींनी लिटल गिडिंगची सर्वांत विलक्षण वस्तू घडवली. छापील बायबले आणून, कात्रीने वचने कापून, येशूचे चरित्र सांगणारी चारही शुभवर्तमाने एकाच सलग कथेत जुळवून त्या मोठ्या कागदांवर चिकटवत. अशी १५० प्रकरणे. मधे फ्लेमिश कोरीव चित्रांचे तुकडे, तेही कापून जोडलेले. बांधणी शिकवायला केंब्रिजच्या एका पुस्तकबांधणी करणाऱ्याची मुलगी येऊन राहिली होती. राजा चार्ल्स पहिला याने एक प्रत मागवून घेतली, महिनोन् महिने ठेवून घेतली, समासात स्वतःच्या हाताने टिपणे केली आणि परत करताना आपल्यासाठी नवी करून मागितली. १६३५ मध्ये ती त्याला मिळाली. आज ती ब्रिटिश लायब्ररीत आहे. कापलेल्या कागदाचे सांधे इतके नेमके बसवलेले आहेत की पान छापील असल्याचा भास होतो. इतिहासात ही पुस्तके ‘निकोलस फेरारची’ म्हणून नोंदली गेली. मांडणीची योजना त्याची असेलही, पण ती घडवणारे हात मुख्यतः त्या बहिणींचे होते.

आता ज्या शब्दाने या वाडीचा पिच्छा सोडला नाही त्याकडे येऊ. १६४१ मध्ये लंडनमध्ये एक निनावी पुस्तिका निघाली, ‘आर्मिनियन ननांचा मठ’ अशा अर्थाच्या शीर्षकाची. मुखपृष्ठावर हातात जपमाळ घेतलेल्या ननचे चित्र. ‘आर्मिनियन’ हे विशेषण त्या काळी प्युरिटन, म्हणजे चर्चमध्ये कॅथलिक थाट नको असलेले लोक, लॉडच्या अनुयायांना लावत, आणि ऐकणाऱ्याला त्यातून ‘छुपे पोपवाले’ असेच कळे. लॉड तोवर कँटरबरीचा आर्चबिशप होऊन, महाभियोगाखाली टॉवर ऑफ लंडनच्या तुरुंगात जाऊन पडला होता. म्हणजे त्याने दीक्षा दिलेल्या माणसाचे घर बदनाम करण्याचा हाच मोका होता, आणि तो माणूस तर चार वर्षांपूर्वीच मरण पावलेला.

पुस्तिकेचा मजकूर मात्र कुठून आला हे पाहण्यासारखे आहे. १६३४ मध्ये एडवर्ड लेंटन नावाचे एक वकील अनाहूतपणे लिटल गिडिंगला गेले होते आणि जे पाहिले ते त्यांनी एका परिचिताला पत्रातून कळवले. लेंटन यांना तिथले नमन आणि समारंभ खटकले, ते त्यांनी स्पष्ट लिहिले. पण त्यांनी प्रश्न विचारले तशी उत्तरेही नोंदवली. ननांबद्दल विचारल्यावर निकोलसने साफ सांगितले की इथे मठ नाही. दोन भाच्या आहेत, एक तीस वर्षांची, दुसरी बत्तीस वर्षांची, दोघी अविवाहित आहेत, तशाच राहून उपास-प्रार्थनेत आयुष्य घालवायचे त्यांनी ठरवले आहे, पण कसलीही शपथ घेतलेली नाही. पोपला आपण ख्रिस्तविरोधी मानतो, श्रद्धेच्या कुठल्याही कलमाइतक्याच ठामपणे, असेही तो म्हणाला. पुस्तिकेने हे पत्र उचलले, सौम्य भाग वाकवला, शेरे कडवट केले आणि पार्लमेंटपुढे ठेवण्याजोगा आरोप तयार केला.

आरोपात तथ्य किती? त्या दोन भाच्यांना, मेरी आणि ॲना कॉलेट यांना, आजन्म ब्रह्मचर्याची शपथ घ्यायची इच्छा होती हे खरे. त्यासाठी त्यांनी लिंकनच्या बिशपकडे विचारणा केली आणि बिशपने नकार दिला. बाकीच्या बहुतेक बहिणींची लग्ने झाली, काही जणी नवऱ्याच्या घरी गेल्या. घरात पुरुष होते, जोडपी होती, लहान मुले होती, शाळा होती. नियम कुणी लिहून लादलेला नव्हता आणि जायचे असेल त्याला दार मोकळे होते. याला मठ म्हणणे चूक आहे, असे माझे मत आहे. पण ‘हे तर साधे भक्तिमान कुटुंब’ असे म्हणून विषय संपवणेही त्या दोघींवर अन्याय करणारे ठरते. त्यांना काय हवे होते ते त्यांनी स्वतः सांगितले होते. शत्रूंनी त्याची टवाळी केली, कुटुंबाच्या हितचिंतकांनी बचावासाठी ते सौम्य करून सांगितले. मेरीने शपथेविनाच ते आयुष्य जगून दाखवले. रिचर्ड क्रॅशॉ या कवीचे या घराशी आणि विशेषतः तिच्याशी जिव्हाळ्याचे नाते होते.

कवी जॉर्ज हर्बर्ट या वाडीचा रहिवासी नव्हता, तरी त्याचे नाव इथून वेगळे काढता येत नाही. जवळच्या लेटन ब्रॉम्सवोल्डच्या चर्चचा जीर्णोद्धार त्याने फेरारांच्या मदतीने करवला. १६३३ मध्ये मृत्युशय्येवरून त्याने आपल्या कवितांची वही निकोलसकडे पाठवली, छापायची की जाळायची हे त्याच्यावर सोपवून. त्याच वर्षी केंब्रिजला ती छापली गेली. इंग्रजी भक्तिकाव्यातला एक मोठा ठेवा वाचला तो असा.

मेरी फेरार १६३४ मध्ये वारल्या, निकोलस ४ डिसेंबर १६३७ रोजी. त्याला चर्चच्या पश्चिम दाराबाहेर पुरले. घर तरीही मोडले नाही. मार्च १६४२ मध्ये राजा इथे येऊन गेला आणि आदल्या रात्री पत्त्यांत जिंकलेली सोन्याची नाणी विधवांसाठी देऊन गेला, असे सांगतात. मे १६४६ मध्ये तो पुन्हा आला, या वेळी रात्री, पार्लमेंटविरुद्धच्या यादवी युद्धात हरत आलेला, ऑक्सफर्डमधून वेषांतर करून निसटलेला. आपले घर शोधले जाईल हे ओळखून जॉनने त्याला शेजारच्या कॉपिंगफर्डला नेऊन लपवले. काही दिवसांतच राजा स्कॉटिश सैन्याच्या हवाली झाला. यानंतर पार्लमेंटच्या सैनिकांनी लिटल गिडिंग लुटून उद्ध्वस्त केले अशी कथा पिढ्यान् पिढ्या छापली गेली; पुढच्या अभ्यासकांनी तिच्यावर शंका घेतली आहे, आणि घर त्यानंतरही अकरा वर्षे चालू होते हे तर निश्चित.

या शेवटच्या वर्षांतली जॉनची मुलगी मला फार महत्त्वाची वाटते. तिचे नावच व्हर्जिनिया. तिने वाडीत रेशमाचे किडे पाळून प्रयोग केले आणि तंबाखू सोडून रेशीम करा, असा आग्रह समुद्रापलीकडच्या वसाहतकऱ्यांकडे धरला. जॉनने काढलेला व्हर्जिनियाचा नकाशा १६५१ मध्ये छापला गेला. त्याच्या नंतरच्या आवृत्त्यांवर तिचे नाव आहे. त्या नकाशात डोंगर ओलांडून दहा दिवस चालले की चीन आणि हिंदुस्थानचा समुद्र लागतो. न पाहिलेल्या भूमीसाठी हंटिंगडनशायरच्या शेतांत बसून ही मुलगी कामाला लागली होती. १६५७ च्या शरद ऋतूत जॉन आणि सुझॅना थोड्याच अंतराने गेले, आणि ते सामूहिक जीवन थांबले.

आजचे चर्च फेरारांनी पाहिलेले चर्च नाही. दर्शनी भाग १७१४ चा आहे आणि १८५३ मध्ये पुन्हा दुरुस्ती झाली. आतले पितळी बाप्तिस्मापात्र मात्र त्यांच्या काळचे. जुना वाडा नाहीसा झाला. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमध्ये ननांचे संघ पुन्हा उभे राहिले तेव्हा त्यांच्या समर्थकांनी लिटल गिडिंगला पूर्वज ठरवले, म्हणजे १६४१ ची शिवी आता भूषण झाली. १८८१ मधल्या एका लोकप्रिय कादंबरीने मेरी कॉलेटला नायिकेसारखे रंगवून या चित्रात भर घातली. एलियट मे १९३६ मध्ये इथे आले. कविता आली ती युद्धात, बॉम्बहल्ल्यांच्या लंडनमधून. १९४६ मध्ये या जागेच्या जतनासाठी मित्रमंडळ निघाले. १९७० नंतर काही कुटुंबांनी पुन्हा एकत्र राहण्याचा प्रयत्न केला. तो १९९८ मध्ये संपला. लेटन ब्रॉम्सवोल्डपासून इथवरची पदयात्रा आजही दरवर्षी निघते.

इंग्लंडच्या चर्चच्या दिनदर्शिकेत ४ डिसेंबर हा निकोलस फेरार यांचा दिवस आहे, ‘लिटल गिडिंग समुदायाचे संस्थापक’ अशा ओळखीसह. मेरी फेरार यांच्या नावाचा दिवस तिथे नाही.