कथाभौतिकी

कथाभौतिकी : कथाप्रकारांचे नियम हेच निसर्गनियम असतात, असे गृहीत धरणारे काल्पनिक शास्त्र. अद्भुतकथा व विज्ञानकथा यांमधील विश्वरचनेसाठी ही कल्पना वापरतात. तिच्यानुसार जगाचे प्रदेश पडतात आणि प्रत्येक प्रदेशात कार्यकारणभाव वेगळा चालतो. रहस्यकथेच्या प्रदेशात पुरावा कधीच पूर्ण नष्ट होत नाही. परीकथेच्या प्रदेशात पहिले दोन प्रयत्न फसतात आणि तिसरा साधतो. भयकथेच्या प्रदेशात घराची लांबी-रुंदी आत असलेल्या माणसाच्या भीतीबरोबर वाढते. धुके, पडका वाडा, करकरणारे दार ही केवळ सजावट होय. प्रदेश ओळखायचा तो कशामुळे काय घडते यावरून. हा भेद सुटला की शास्त्र उरत नाही, नुसते नेपथ्य उरते.

आधार : या काल्पनिक शास्त्राचे नियम खऱ्या कथामीमांसेतून घडवता येतात, आणि तसे घडवलेलेच जास्त टिकाऊ ठरतात. रशियन लोककथा-अभ्यासक व्लादिमीर प्रॉप यांनी १९२८ मध्ये रशियन अद्भुतकथांची मांडणी तपासून ३१ कार्ये (कथानक पुढे नेणाऱ्या पात्रांच्या ठरावीक कृती) आणि ७ पात्रभूमिका निश्चित केल्या. एखाद्या कथेत काही कार्ये गळतात, पण जी उरतात ती ठरलेल्या क्रमाने येतात, असे त्यांचे प्रतिपादन होते. कथाभौतिकीत हाच क्रम काळाची दिशा ठरतो. निषेध आधी, निषेधभंग नंतर. ‘हे दार उघडू नकोस’ असे कोणी बजावलेच नसेल, तर ते दार हजारदा उघडले तरी आत फक्त खोली असते. रहस्यप्रदेशासाठी इंग्रज रहस्यकथाकार रोनाल्ड नॉक्स यांचे १९२९ मधील दहा नियम सोयीचे आहेत. त्यांपैकी एकानुसार रहस्यकथेत एकाहून अधिक गुप्त खोल्या किंवा भुयारे चालत नाहीत. म्हणून त्या प्रदेशात दुसरे भुयार खणायला घेतले की माती ढासळते.

प्रदेशनिश्चिती : यासाठी फाशांची चाचणी पुरेशी असते. साधा सहा बाजूंचा फासा ६० वेळा टाकावा. प्रत्येक अंक सरासरी १० वेळा यायला हवा. प्रमाण विचलन (सरासरीपासून नेहमी पडणारा फरक) सुमारे २.९ असल्याने ५ ते १५ पर्यंतची संख्या सामान्य मानावी. ही फेरी काहीही पणाला न लावता करायची. मग तोच फासा, तेवढ्याच वेळा, पण या वेळी प्रत्येक फेकीवर कोणाचे तरी खरे नुकसान किंवा लाभ अवलंबून ठेवून टाकायचा. कथाप्रकाराचे बल निर्हेतुक वस्तूवर चालत नाही, त्यामुळे दोन्ही फेऱ्यांतील फरक हाच मोजण्याचा विषय. परीकथाप्रदेशात लाभ दर तिसऱ्या फेकीला गोळा होतात. शोकांतिकेत अनुकूल दान आधी सलग पडते आणि सर्वांत मोठ्या पणाच्या वेळी उलटते. वास्तववादी प्रदेशात दोन्ही फेऱ्या सारख्याच निघतात, आणि हा निकालही तितकाच मोलाचा आहे.

खरी अडचण निरीक्षकाची असते. भयप्रदेशात एकटाच मोजमाप करत बसलेला अभ्यासक हे त्या प्रदेशातले तयार पात्र आहे. दुसऱ्या फेरीच्या मध्यावर दिवा विझतो आणि पुढचे आकडे निरुपयोगी होतात. म्हणून निरीक्षक दर दहा फेकींनी बदलावा, कोणालाही मागच्या नोंदी वाचू देऊ नयेत आणि नोंद तक्त्यातच करावी. ‘तेवढ्यात’, ‘अखेर’ असे शब्द नोंदवहीत आले की कथानक सुरू झाले असे समजून ती फेरी रद्द धरावी.

सीमा : दोन प्रदेश थेट भिडू देऊ नयेत. संस्कृत काव्यशास्त्रकार आनंदवर्धनाने नवव्या शतकात ‘ध्वन्यालोका’त रसविरोधाची चर्चा करताना यावरचा उपाय सांगितला आहे : परस्परविरोधी रसांच्या मध्ये तिसरा रस घालावा. ‘नागानंद’ नाटकात शांत आणि शृंगार यांच्यामध्ये अद्भुत येतो, हे त्याचे उदाहरण. कथाभौतिकीतला सीमापट्टा याच तत्त्वावर आखतात. त्याची रुंदी अंतरात मोजत नाहीत, घटनांत मोजतात. कारणापासून परिणामापर्यंत निदान एक घटना पट्ट्याच्या आत पूर्ण व्हावी लागते. पट्टा अपुरा पडला तर अर्धवट घटना पलीकडे गळते. करुण आणि हास्य असे भिडले की शोक चाललेल्या खोलीत मृतदेह शिंकतो, आणि तो माणूस मेला की नाही याचा निवाडा कोणत्याच नियमाने करता येत नाही. अशा जागी नवे काही घडवू पाहू नये. माणसे बाहेर काढावीत, एखादे नीरस, पुनरावृत्तीचे काम सुरू ठेवावे. धान्य निवडणे, विटा मोजणे. ज्यातून पुढे काहीच निघत नाही अशा कामाने बल ओसरते.

लेखनातील चुका : सर्वांत घातक चूक म्हणजे नियम गरज पडल्यावर जाहीर करणे. नायक संकटात सापडल्यावर ‘या प्रदेशात तिसरा प्रयत्न साधतो’ असे कळले, तर वाचकाला तो लेखकाचा हस्तक्षेप वाटतो. तोच नियम आधी एखाद्या किरकोळ प्रसंगात, शक्यतो नायकाच्या विरुद्ध, चाललेला दाखवावा. दुसरी चूक फुकटच्या सत्तेची. प्रदेश बदलता येत असेल तर त्याची किंमतही त्याच कथाप्रकाराने वसूल करायला हवी : शत्रूला हरवण्यासाठी शोकांतिका ओढून आणणाऱ्याला तिच्यातून स्वतःला वगळता येत नाही.

तिसरी चूक पात्रांना अडाणी ठेवण्याची. पिढ्यानपिढ्या भयप्रदेशाच्या कडेला राहणारी माणसे एकेकटी तळघरात उतरणार नाहीत. त्यांची घरे, कायदे, मुलांना लावलेल्या सवयी या बलाशी जुळवून घेतलेल्याच असणार. तळघरच नसलेले घर आणि कोणालाही कधी निषेध न करणारी आई, अशा तपशिलांतून ते जग वाचकाला पटते.